वाचकांचे प्रश्न : ‘आधी ओरिजिनल ॲप काढून टाका’ असं साइट का सांगते?

प्रश्न : फोटो एडिटिंगचं एक ॲप मी प्ले स्टोअरवरून घेतलंय पण त्यातली अर्धी फीचर्स पैसे भरल्याशिवाय उघडतच नाहीत. एका साइटवर त्याचंच ‘प्रो अनलॉक्ड’ एपीके (ॲप इन्स्टॉल करायची फाइल) मिळालं. टाकायला गेलो तर ‘ॲप इन्स्टॉल झालं नाही’ एवढंच येतं. साइट म्हणते आधी ओरिजिनल अनइन्स्टॉल करा, प्ले प्रोटेक्ट (फोनमधली ॲप्स तपासणारी गूगलची सुरक्षा) बंद करा, मग होईल. व्हायरसटोटलवर (एकच फाइल अनेक अँटीव्हायरस इंजिनांकडून तपासून देणारी साइट) फाइल टाकून बघितली, फक्त दोन इंजिनांनी लाल दाखवलं, बाकी सगळी हिरवी. टाकू का?

उत्तर : नका टाकू. आणि ते दोन लाल बाजूला ठेवा, खरी गोष्ट तुमच्या फोनने आधीच सांगितली होती.

कसं असतं, प्रत्येक एपीकेवर बनवणाऱ्याची डिजिटल सही असते आणि त्या सहीची किल्ली बाहेरच्या कुणाकडे नसते. ॲप उघडून आत काही बदललं की ती सही मोडते, मग बदलणाऱ्याला स्वतःच्या किल्लीने नवी सही ठोकावी लागते. जुन्या ॲपवर नवं चढवताना अँड्रॉइड दोन्ही सह्या जुळवून बघतं, नाही जुळल्या की सरळ नकार. म्हणून तर आधी ओरिजिनल काढायला लावतात! जुनं गेलं की जुळवायला काही उरत नाही, कुणाचीही सही चालते. ‘प्रो’चं कुलूप तोडणाऱ्याने आत आणखी काय ठेवलंय हे त्यालाच माहीत. प्ले प्रोटेक्ट बंद करा म्हणणं तर, कुत्रा बांधून ठेवा मग आम्ही आत येतो, अशातला प्रकार.

आता व्हायरसटोटल. साइट चांगली आहे, 2004 पासून चालू आहे, 2012 मध्ये गूगलने घेतली, मीसुद्धा वापरतो. पण तिथलं हिरवं म्हणजे ‘ओळखीचं काही सापडलं नाही’ एवढंच. नुसता आकडा बघू नका, लाल इंजिनाने नाव काय दिलंय ते वाचा. ‘जेनेरिक’ वगैरे असेल तर खोटा अलार्मही असू शकतो, ‘बँकर’ (बँकेची माहिती चोरणारा) किंवा ‘ड्रॉपर’ असेल तर फाइल डिलीट करा आणि विषय संपवा. ड्रॉपर म्हणजे जो स्वतः साळसूद दिसतो आणि इन्स्टॉल झाल्यावर खरा माल नेटवरून ओढतो, त्यामुळे स्कॅनला तो बऱ्याचदा सापडतही नाही. 2021 मध्ये एफएमव्हॉट्सॲप या मॉडच्या (म्हणजे बाहेरच्यांनी बदललेल्या व्हॉट्सॲपच्या) एका व्हर्जनमध्ये कॅस्परस्की या अँटीव्हायरस कंपनीला ट्रायडा नावाचा ट्रोजन (साध्या ॲपच्या आड लपून येणारा घातक प्रोग्रॅम) सापडला, तो जाहिरातींच्या कोडबरोबर आत आला होता. लोकांनी त्या मॉडला एसएमएस वाचायची परवानगी दिलेली, ती ट्रोजनलाही आयती मिळाली, म्हणजे परस्पर पेड सबस्क्रिप्शन चालू करून कन्फर्मेशनचा कोडही तोच वाचणार.

म्हणून परवानग्या बघायच्याच. फोटो एडिटरला फोटो लागतात, फार तर कॅमेरा, एसएमएस कशाला? सगळ्यात घातक ती ॲक्सेसिबिलिटी, ती मिळाली की ॲप स्क्रीनवरचं वाचतं आणि तुमच्या नावाने बटणंही दाबतं. 2022 च्या अँड्रॉइड 13 पासून बाहेरून टाकलेल्या ॲपला ती सहजासहजी देता येत नाही, ‘रिस्ट्रिक्टेड सेटिंग’ म्हणून अडवतात. कुठलं ॲप सेटिंग्जमधले तीन ठिपके दाबून ‘अलाउ’ करा असं फोटोंसकट शिकवत असेल तर तिथेच थांबा.

प्रश्न : मग प्ले स्टोअरच्या बाहेरचं सगळंच वाईट का?

उत्तर : छे, तसं कुठे म्हटलं मी. प्ले स्टोअरवरही अधूनमधून घाण सापडतेच की. एफ-ड्रॉइड हे ॲप स्टोअर 2010 पासून आहे, तिथे फक्त ओपन सोर्स (ज्यांचा कोड कुणालाही बघता येतो अशी) ॲप्स असतात आणि बहुतेक ते स्वतःच सोर्स कोडवरून बनवतात. ॲप बनवणाऱ्याची स्वतःची साइटही चालते, फक्त पत्ता नीट वाचा, सर्चमध्ये सगळ्यात वर आलेली जाहिरात म्हणजे ती साइट नव्हे. साइटवर शा-256 चा आकडा (फाइलच्या बोटाचा ठसाच म्हणा) दिला असेल तर डाउनलोड झालेल्या फाइलचा काढून ताडून बघा, एक अक्षर वेगळं असलं तरी ती फाइल नको. आणि काम झालं की सेटिंग्जमध्ये जाऊन ब्राउझरला दिलेली ‘अननोन ॲप्स’ची परवानगी परत बंद करा, अँड्रॉइड 8 पासून ती प्रत्येक ॲपला वेगळी द्यावी लागते आणि एकदा दिली की ती चालू आहे हेच लोक विसरून जातात.