गेम शोची प्रोड्यूसर व्हायचंय म्हणतेस, तर ऐक

अगं,

तुझा मेसेज परवाच वाचला होता पण शूट चालू होतं आणि शूटच्या दिवसांत मी घरच्यांनाही रिप्लाय देत नाही, त्यामुळे राग मानू नकोस. तू विचारलंस मास कॉम करू की एमबीए. काहीही कर गं. मला आजवर कुणी डिग्री विचारलेली नाही, विचारतात ते एवढंच की उद्या सकाळी 7 ला गोरेगावला फिल्मसिटीत पोचशील का.

आधी एक गोंधळ काढून टाक. प्रोड्यूसर म्हटलं की तुझ्या आईला वाटतं पैसे लावणारा निर्माता, पांढरे बूट, मोठी गाडी वगैरे. आपण ते नाही. आपण पगारावर किंवा एपिसोडमागे पैसे घेऊन काम करणारी माणसं, ज्यांच्या डोक्यावर अख्खा खेळ असतो, म्हणजे प्रश्न कुणी काढले, कंटेस्टंट कुठून आला, तो जेवला का, बझर चालतोय का, आणि मुख्य म्हणजे जो जिंकला तो खरंच जिंकला का. शेवटचं जे लिहिलंय ना तेवढंच खरं काम आहे, बाकी सगळं धावपळ आहे आणि ती कुणीही शिकतं.

मी ह्या लाइनीत आले ती 2000 च्या लाटेत. 3 जुलै 2000 ला स्टार प्लसवर केबीसी सुरू झालं आणि सगळ्या चॅनलना एकदम साक्षात्कार झाला की आपल्यालाही क्विझ पाहिजे. झीने त्याच वर्षी दहा कोटींचा शो काढला, अनुपम खेर आणि मनीषा कोइराला, रक्कम केबीसीच्या थेट दहापट, आणि काही महिन्यांत गुंडाळला पण. पुढच्या वर्षी सोनीने गोविंदाला आणलं. आम्हाला काय, आम्हाला कामं मिळाली, मी तेव्हा प्रश्न तपासायला बसायचे, समोर इयरबुकचा ढीग आणि कटिंग चहा. पण तेव्हाच कळलं की बक्षीस मोठं केलं म्हणून माणूस सोफ्यावरून उठायचा थांबत नाही. पहिला करोडपती झाला तो मुंबईचा हर्षवर्धन नवाथे, स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारा साधा मुलगा, आणि आमच्या डोंबिवलीत प्रत्येक घरात एक तरी तसा पोरगा होता म्हणून लोक श्वास रोखून बघत होते. रक्कम किती हे नंतर.

उलटं उदाहरण होम मिनिस्टरचं घे. 2004 ला झी मराठीवर सुरू झालं, आदेश बांदेकर कुणाच्या तरी घरी जाणार, वहिनींशी गप्पा, उखाणे, साधेसुधे खेळ आणि शेवटी पैठणी. कागदावर हे वाचलं असतंस तर म्हणाली असतीस यात गेम कुठाय? पण वर्षानुवर्षं चाललं. कारण ज्या बाईला घरात कुणी दोन मिनिटं बसून विचारत नाही तिला अख्खा महाराष्ट्र विचारतोय, आणि बाजूला सासूबाई बसल्यात, अर्धा खेळ तर त्यांच्या चेहऱ्यावर असायचा. मला विचारशील तर मराठी टीव्हीवरचं ते सगळ्यात हुशार फॉरमॅट आहे, आणि त्याला क्रेनवरचा कॅमेरा लागला नाही.

फॉरमॅट हा शब्द तुला आता दिवसातून पन्नासदा ऐकायला मिळेल. केबीसीचं मूळ ब्रिटनमधलं, 1998 चं, आणि असं फॉरमॅट विकत घेतलं की सोबत एक जाडजूड पुस्तक येतं त्याला बायबल म्हणतात, त्यात लाइट कधी खाली येणार, म्युझिक कधी थांबणार, कंटेस्टंटची खुर्ची कशी, सगळं लिहिलेलं. नवीन मुलं नाक मुरडतात की यात आमची क्रिएटिव्हिटी कुठे. मी म्हणते आधी ते पुस्तक तीनदा वाच, प्रत्येक नियमामागे कुठेतरी कुणाचीतरी फजिती झालेली असते.

फजितीवरून सांगते. 1984 ची गोष्ट, अमेरिकेत सीबीएसवर प्रेस युअर लक नावाचा शो होता, मोठ्या बोर्डावर लाइट फिरायचा, तुम्ही बटण दाबायचं, लाइट पैशाच्या घरावर थांबला तर पैसे आणि व्हॅमी नावाचं अपशकुनी चित्र आलं तर सगळं साफ. ओहायोचा मायकल लार्सन म्हणून एक गडी, आइस्क्रीमची गाडी चालवायचा, त्याने घरी व्हीसीआरवर एपिसोड रेकॉर्ड करून करून बघितलं तर लाइट फिरायच्या पद्धती फक्त पाचच, आणि बोर्डावर दोन घरं अशी की तिथे व्हॅमी येतच नाही. पठ्ठ्याने पाठ केलं, गेला, आणि 1,10,237 डॉलर घेऊन आला. कंट्रोल रूममध्ये लोकांना घाम फुटला असणार! पण नियमाचं पुस्तक उघडलं तर त्याने एकही नियम मोडला नव्हता, बघणं आणि पाठ करणं याला चीटिंग कसं म्हणणार, मुकाट चेक दिला आणि नंतर बोर्ड बदलला. तुला गेम टेस्ट करायला सांगितलं की ऑफिसातल्या इंटर्नना बसवून दोन राउंड खेळून घेऊ नकोस. एक असा माणूस शोध जो बिल भरताना जीएसटीसकट बेरीज तपासतो, त्याला सांग हा गेम फोडून दाखव.

ही झाली बाहेरच्याची हुशारी. आतल्यांची हुशारी फार वाईट. 1956 चं ट्वेंटी वन, अमेरिकेतल्या एनबीसी चॅनलवरचं क्विझ. प्रोड्यूसर डॅन एनराइट, स्पॉन्सरला रेटिंग पाहिजे, म्हणून आधीच उत्तरं द्यायची, कुठे घाम पुसायचा कुठे अडखळायचं हेसुद्धा शिकवायचं. हर्बर्ट स्टेंपल नावाच्या जिंकणाऱ्या माणसाला सांगितलं आता तू हर, आणि हरायचा प्रश्न कुठला तर 1955 चं बेस्ट पिक्चरचं ऑस्कर कुणाला, जो त्याचा स्वतःचा आवडता सिनेमा होता. तो चुकीचं उत्तर देऊन हरला. समोरचा चार्ल्स व्हॅन डोरेन देखणा, प्राध्यापक, देशाचा लाडका झाला आणि 1959 ला अमेरिकन काँग्रेसच्या कमिटीसमोर त्याला कबूल करावं लागलं की सगळं ठरलेलं होतं. 1960 ला कायदाच आला की क्विझ फिक्स करणं गुन्हा. मला यात सगळ्यात भीती कशाची वाटते माहितेय, एनराइटला हे पाप वाटतच नव्हतं, त्याला वाटायचं मी चांगला शो करतोय. तुलाही तसंच वाटेल एक दिवस. कंटेस्टंट मस्त आहे, रडवतोय, हसवतोय, आणि दुसऱ्याच प्रश्नाला जाणार असं दिसतंय, आणि टॉकबॅकवर, म्हणजे आपल्या हेडफोनमध्ये, कुणीतरी म्हणेल अँकरला सांग जरा हिंट दे ना यार. तेव्हा हेडफोन काढून ठेव.

माझी फजिती पण सांगते, नाहीतर म्हणशील ताई मोठी साधू. एका चॅनलसाठी क्विझ करत होतो, प्रश्नांची मी हेड. एका बाईंना प्रश्न गेला, महाराष्ट्रातला सगळ्यात नवीन जिल्हा कुठला, पर्याय नंदुरबार, वाशीम, गोंदिया, पालघर. त्या म्हणाल्या पालघर. आमच्या उत्तरांच्या यादीत गोंदिया. लाल लाइट, म्युझिक, बाई बाहेर. जाताना हळूच म्हणाल्या, "अहो पण आम्ही तिथेच राहतो." पालघर 1 ऑगस्ट 2014 ला झालं, प्रश्न आमच्या जुन्या प्रश्नसंग्रहातून उचललेला, कुणी तारीख बघितलीच नव्हती. आणि गंमत म्हणजे जुना असतानाही तो चूकच होता, कारण गोंदिया आणि हिंगोली दोन्ही एकाच दिवशी झाले, 1 मे 1999 ला. मला पीसीआरमध्ये, म्हणजे कंट्रोल रूममध्ये, बसल्या बसल्या कळलं होतं. आणि मी गप्प बसले, लंच ब्रेकपर्यंत, चाळीसएक मिनिटं, कारण शूट आधीच उशिरा चाललेलं आणि डायरेक्टर वैतागलेला. मग जेवण गेलं नाही, जाऊन सांगितलं, बाईंना गेटवरून परत बोलावलं, तिथूनच गेम पुढे चालू केला, अर्धी शिफ्ट वाया, मला जे ऐकावं लागलं ते लिहीत नाही. ती चाळीस मिनिटं अजून आठवतात. त्यानंतर माझ्याकडे प्रत्येक प्रश्नावर तारीख असते, दोन वेगळे सोर्स, आणि एक तिसरा माणूस ज्याने तो प्रश्न काढलेला नाही.

कंटेस्टंटबद्दल फार नाही सांगत, ते तुला येईलच, तुला माणसं आवडतात. फक्त एवढं की ऑडिशनला बडबडणारा माणूस सेटवर मुका होतो आणि लातूरहून रात्रीच्या गाडीने आलेल्याला आधी पोहे खायला घाल, मग फॉर्मवर सही माग. आणि टॅक्सचं पहिल्याच फोनवर सांग. जिंकलेल्या रकमेवर सरळ 30 टक्के आणि वर सेस, त्यात सूट नाही, वजावट नाही. गाडी जिंकली तर टॅक्स भरल्याशिवाय चावी हातात देता येत नाही, आणि हे सेटवर फुलं उधळल्यानंतर कळलं की माणसाचा चेहरा असा पडतो की बघवत नाही. कुणाच्या तरी काकांनी कर्ज काढून गाडीचा टॅक्स भरलेला मी पाहिलाय.

पैशाचं तुझं तू बघ. बिल टाकलं की तीन महिने विसरायचं, बारा तासांची शिफ्ट चौदाची होते, आणि गुरुवारी रेटिंग आलं की पुढच्या सोमवारी काम आहे की नाही ते कळतं. सहा महिन्यांचा खर्च बँकेत ठेवल्याशिवाय नोकरी सोडू नकोस, आईला हे वाक्य दाखव हवं तर.

बाकी आता लिहून काय होणार. पुढच्या महिन्यात आमचे रन थ्रू आहेत, खऱ्या शूटच्या आधी खोटे कंटेस्टंट बसवून खेळून बघतो ते. मला दहाजण लागतात, त्यात तू ये. पण काम करायला नाही, कंटेस्टंट म्हणून खुर्चीत बस, लाइट डोळ्यांवर घे, बझर दाब आणि हर. मग संध्याकाळी वडापाव खाताना सांग कुठे काय खटकलं. बूट घालून ये, सेटवर केबल फार असतात, आणि डबा आण, रन थ्रूला जेवण सांगत नाहीत.

तुझी ताई