बलात्काराच्या प्रकरणात पीडितेने पोलिसांना दिलेला जबाब आणि मॅजिस्ट्रेटपुढचा जबाब जुळत नसेल, तर आरोपी डिस्चार्ज होतो का, म्हणजे खटला चालण्याआधीच सुटतो का?

तेवढ्यावरून सहसा नाही. आरोपनिश्चितीच्या वेळी, म्हणजे खटला चालवायचा की नाही हे ठरवताना, कोर्ट खटल्याचा निकाल देत नसतं. आरोपीविरुद्ध गंभीर संशय उभा राहतो का, एवढंच त्या टप्प्यावर बघायचं, हे सुप्रीम कोर्टाने प्रफुल्लकुमार सामल प्रकरणात (१९७९) सांगितलं आहे. पीडितेचा जबाब खरा धरला तर गुन्ह्याचे घटक दिसतात का? दिसत असतील तर आरोप ठेवला जातो.

तपशिलातल्या विसंगती उलटतपासणीत बाहेर काढायच्या असतात. मुळात पोलिसांसमोरच्या जबाबावर पीडितेची सही नसते, तो पोलिसांनी आपल्या शब्दांत लिहिलेला असतो. मॅजिस्ट्रेटपुढचा जबाब (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता म्हणजे बीएनएसएस, कलम १८३; पूर्वीच्या सीआरपीसीचं १६४) जास्त वजनदार असतो, पण तोही स्वतंत्र पुरावा नाही. खरा पुरावा म्हणजे कोर्टात शपथेवर दिलेली साक्ष. ती विश्वासार्ह वाटली तर बलात्काराच्या खटल्यात तेवढ्यावरही शिक्षा होऊ शकते (गुरमीत सिंग, १९९६).

मात्र कोर्ट डोळे मिटून बसत नाही. मॅजिस्ट्रेटपुढे पीडितेने घटनाच नाकारली असेल आणि दुसरं काहीच नसेल, तर डिस्चार्जच्या अर्जात दम असतो. तिथेही आरोपीने आपल्याकडचे व्हॉट्सॲप चॅट दाखवून चालत नाही, आधार सहसा तपासाच्या कागदपत्रांचाच (देवेंद्रनाथ पाढी, २००५).

आणि पीडितेच्या बाजूने विचारत असाल, तर घाबरून जबाब ‘जुळवून’ घेऊ नका. आघातानंतर तारखा-वेळा मागेपुढे होतात. जे आठवतं तेच सांगा, आठवत नाही ते तसं सांगा.