वाचक विचारतात : विज्ञानपट उतरवताना, जपताना

प्रश्न : इंटरनेट आर्काइव्ह या डिजिटल संग्रहाच्या संकेतस्थळावरून नवे विज्ञानपट उतरवतो. एक फाइल मध्येच अडकते, दुसरी पेन ड्राइव्हवर जातच नाही. हे कायदेशीर तरी आहे का?
— एक वाचक, सातारा

उत्तर : आधी कायद्याचं. आर्काइव्हवर कुणीही फाइल चढवू शकतो, त्यामुळे तिथं सिनेमा दिसला म्हणजे तो मोफत वाटायला मोकळा, असं नव्हे. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो; नवा विज्ञानपट त्यातून सुटत नाही. म्हणून क्रिएटिव्ह कॉमन्स, म्हणजे ठरावीक अटींवर वाटायला मुभा देणाऱ्या परवान्यावर निर्मात्यांनीच दिलेले सिनेमे शोधा. ब्लेंडर फाउंडेशनचा ‘टिअर्स ऑफ स्टील’ (२०१२) घ्या. अ‍ॅमस्टरडॅममध्ये घडणारा हा १२ मिनिटांचा यंत्रमानवपट श्रेय देऊन खुशाल वाटता येतो.

अडकणारी फाइल बहुधा अर्धवट उतरलेली असते. सिनेमाच्या पानावर ‘शो ऑल’ दाबा. फाइलींच्या यादीत ज्या एक्सएमएल (.xml) फाइलचं नाव ‘फाइल्स’ने संपतं, ती उघडा. तिच्यात प्रत्येक फाइलपुढे ‘ओरिजिनल’ की ‘डेरिव्हेटिव्ह’ हे असतं, आणि एसएचए-१ हा, फाइलच्या मजकुरावरून गणिताने काढलेला, ४० अक्षरांचा ठसाही. ओरिजिनल म्हणजे चढवलेली मूळ फाइल; डेरिव्हेटिव्ह म्हणजे आर्काइव्हने तिच्यावरून पुन्हा कॉम्प्रेस करून बनवलेली आवृत्ती. जपायची ती ओरिजिनलच. उतरल्यावर विंडोजच्या कमांड प्रॉम्प्टमध्ये ‘सर्टयुटिल’ (certutil) या प्रोग्रामला ‘हॅशफाइल’ (-hashfile) सांगून फाइलचं नाव द्या, तो एसएचए-१च काढतो. तो यादीतल्या ठशाशी ताडा; एक अक्षर जरी वेगळं आलं तरी फाइल पुन्हा उतरवा. ठसा टिपून ठेवा, दरवर्षी पडताळा.

तुमचा पेन ड्राइव्ह फॅट-३२ या जुन्या फाइल-रचनेत फॉरमॅट केलेला असेल. त्यावर ४ जीबीची किंवा त्याहून मोठी फाइल मावत नाही, आत कितीही जागा असो. आतला माल काढून एक्सफॅट या मोठ्या फाइली घेणाऱ्या रचनेत फॉरमॅट करा. पण पेन ड्राइव्ह वर्षानुवर्षं कपाटात ठेवायची वस्तू नाही. वीज न मिळाल्यास त्यात माहिती धरून ठेवणारा विद्युतभार हळूहळू झिरपतो. दोन हार्ड डिस्कवर एकेक प्रत, तिसरी दुसऱ्या घरी.

प्रश्न : मराठी सबटायटल्सच्या जागी प्रश्नचिन्हं का येतात?
— एक वाचक, मडगाव

उत्तर : एसआरटी (सबटायटल्सची) फाइल नोटपॅडमध्ये ‘एएनएसआय’ या जुन्या अक्षर-संकेतात सेव्ह झाली, की देवनागरी अक्षरं जातातच. ती परत मिळत नाहीत, मजकूर पुन्हा टाकावा लागतो. ‘सेव्ह अ‍ॅज’मध्ये देवनागरी सांभाळणारा यूटीएफ-८ संकेत निवडा आणि फाइलला सिनेमाच्या फाइलचंच नाव द्या. एमकेव्हीटूलनिक्स या प्रोग्रामने सिनेमा आणि सबटायटल्स एकाच एमकेव्ही प्रकारच्या व्हिडिओ फाइलीत बांधली, तर चित्राला धक्का न लागता सबटायटल्स सोबत राहतात.