लग्नाचं डेकोरेशन आणि आर्टिफिशियल फुलं

प्रश्न : ताई नमस्कार, मे महिन्यात धाकट्या बहिणीचं लग्न आहे, इथंच सोलापुरात. कार्यालय बुक झालंय पण डेकोरेशनवाल्यानं खऱ्या फुलांचा जो आकडा सांगितला तो ऐकून पप्पा गप्पच बसले. मग ठरवलं की आर्टिफिशियल फुलं आपणच आणून लावायची, स्टेजला, गेटला आणि घरी हळदीला. पण दुकानात जो तो वेगळाच रेट सांगायलाय, ऑनलाइनला फोटो एक अन् येतंय दुसरंच असं मैत्रिणी म्हणायलेत. चांगली फुलं स्वस्तात कुठं मिळतील आणि घ्यायची किती? आत्याचं तर म्हणणं आहे की नकली फुलं शुभकार्याला लावूच नयेत.
— एक वाचक, साखर पेठ, सोलापूर

उत्तर : आधी पप्पांना सांगा काळजी करू नका, हे जमण्यासारखं आहे. मे महिन्यात आपल्याकडं पारा 40 च्या वर असतो, सकाळी लावलेला खरा झेंडू दुपारच्या मुहूर्तापर्यंत मान टाकतो, त्यामुळं स्टेजच्या मागच्या पडद्याला आणि गेटला आर्टिफिशियल घेताय ते बरोबरच आहे.

पण दुकानात जायच्या आधी कार्यालयात टेप घेऊन जा. लोक इथंच फसतात, अंदाजानं पोतंभर फुलं आणतात आणि निम्मी तशीच उरतात. समजा स्टेजचा पडदा 12 फूट रुंद आहे, दर सहा इंचांवर एक माळ सोडली तर 25 माळा लागतात. झेंडूची तयार माळ बहुतेक पाच फुटांच्या आसपास असते, पडदा आठ फूट उंच असला तरी खाली जोडमाळ लावायची गरज नाही कारण खालचे तीन फूट सोफा आणि कुंड्यांच्या मागंच जातात, फोटोत दिसत सुद्धा नाहीत. नुसत्या एवढ्या हिशोबानं बराच खर्च वाचतो बघा. गेटला वरची पट्टी आणि दोन्ही खांबांचा वरचा अर्धा भाग भरला तरी पुरतं, खाली केळीचे खांब बांधा, ते कुठल्याही प्लास्टिकपेक्षा देखणे दिसतात.

आता खरेदी. मधला मारुती, टिळक चौक, नवी पेठ ह्या भागात आधी फिरा, पण पहिल्याच दुकानात पिशवी भरू नका, सुट्या माळेचा रेट विचारा आणि मग अख्खं पॅकेट घेतलं तर काय लावाल ते विचारा, फरक तिथंच कळतो. जास्त माल लागणार असेल आणि हैदराबादला कुणी पाहुणे असतील (सोलापुरात कितीतरी घरांचे असतात) तर त्यांना बेगम बाजारात बघायला सांगा, तिथं होलसेल मिळतं. पुण्यात कुणी असेल तर रविवार पेठेतली बोहरी आळी. फक्त एक लक्षात ठेवा, फुलं वजनाला हलकी पण बॉक्स भलामोठा होतो, ट्रॅव्हल्सच्या पार्सलला आकार बघून पैसे मागतात, म्हणून भाडं धरूनच रेट काढा, नाहीतर 25-30 माळांसाठी एवढा खटाटोप परवडत नाही.

ऑनलाइन घ्यायचं असेल तर फोटो सोडा, फुलाचा व्यास किती इंच आणि माळेची लांबी किती फूट तेवढं वाचा. ‘24 पीस’ म्हणजे 24 माळा की 24 फुलं हेही नीट बघा. आधी एकच पॅकेट मागवा.

माल हातात आला की ओला पांढरा रुमाल पाकळीवर घासून बघा, रंग लागला तर ती फुलं घेऊच नका, हळदीला पाणी उडणार आणि नवरीच्या पिवळ्या साडीवर डाग पडणार. फूल देठातून हलकंच ओढा, सहज निघालं तर लावताना अर्धी खाली पडतील. लांबून बघायच्या ठिकाणी साधी प्लास्टिकची चालतात, पण जिथं पाहुणे शेजारी उभं राहून फोटो काढणार तिथं कापडाचीच घ्या, प्लास्टिकची फ्लॅशमध्ये चकाकतात. थर्माकोलच्या पॅनलवर चिकटवलेली फुलं कुणी दिली तर सरळ नाही म्हणा, सजावटीच्या थर्माकोलवर 1 जुलै 2022 पासून देशभर बंदी आहे. आणि ह्यातलं काहीही होमाजवळ किंवा हॅलोजनला लागून बांधू नका, ही फुलं चटकन पेटतात.

आत्यांचं म्हणणं मात्र अर्धं ऐका. वरमाला, मुंडावळ्या, गजरे, देवकाची आणि पूजेची फुलं खरीच आणा, मला स्वतःला तिथं नकली बघवत नाही. हाराला वास नाही तर तो हार कसला? आणि फूलशेती करणारे शेतकरी प्लास्टिकच्या फुलांवर बंदी मागतायत ते काही उगाच नाही, सणासुदीत त्यांचा माल पडून राहतो. स्टेजवर वाचलेल्या पैशातले थोडे खऱ्या शेवंतीला, मोगऱ्याला जाऊ द्या. आत्यांनाच वरमाला निवडायला पाठवा की.

प्रश्न : भावाच्या लग्नातल्या कापडी फुलांच्या माळा माळ्यावर पडल्यात, धूळ बसलीय आणि चेपल्यात. पुन्हा वापरता येतील का?
— एक वाचक, अक्कलकोट

उत्तर : येतील की. आधी कोरड्या ब्रशनं धूळ झटका. मग एका कोपऱ्यातलं फूल भिजवून रंग जातो का बघा, जात नसेल तर कोमट पाण्यात थोडा शाम्पू टाकून माळ बुडवून काढा, पिळू नका, सावलीत दोरीवर टांगा. चेपलेल्या पाकळ्यांना लांबूनच वाफ द्या आणि गरम असतानाच बोटांनी उघडा, इस्त्री टेकवलीत तर वितळतील. ठेवताना पुठ्ठ्यावर गुंडाळून ठेवा, कोंबून भरू नका.