पोपच्या देशात हे सगळं रुजलं कसं?

"पोप जिथे राहतो त्या इटलीत चिच्चोलिना ही पॉर्न अभिनेत्री खासदार झाली, मग चर्चचा धाक गेला कुठे?" असा प्रश्न आहे. धाक आधीच ओसरला होता. 1974 च्या सार्वमतात चर्चने जोर लावूनही 59 टक्के लोकांनी घटस्फोटाचा कायदा कायम ठेवला. पण माझ्या मते खरं वळण 1976 चं.

त्या जानेवारीत लैंगिक दृश्यांमुळे गाजलेल्या 'लास्ट टँगो इन पॅरिस' या सिनेमाच्या प्रती नष्ट करायचा आदेश निघाला, दिग्दर्शक बेर्तोलुच्चीचा मतदानाचा हक्कही काही वर्षांसाठी गेला. आणि जुलैत घटनात्मक न्यायालयाने खासगी स्थानिक रेडिओ-टीव्हीला मोकळीक दिली! 'राय' या सरकारी प्रसारण कंपनीची मक्तेदारी मोडली, पण खासगी वाहिन्यांसाठी नीट कायदा यायला 1990 उजाडलं. तोवर मोकळं रान.

रोममधल्या 'रेडिओ लुना'वर बुडापेस्टहून आलेली इलोना स्टॅलर रात्री श्रोत्यांशी फोनवर उघडउघड लैंगिक गप्पा मारायची. त्यांना लाडाने 'चिच्चोलिनी' म्हणायची. त्यावरूनच ती चिच्चोलिना झाली. इकडे खासगी वाहिन्यांवर घरबसल्या फुकट सिनेमे दिसू लागल्यावर थिएटरं ओस पडली. 1975 मध्ये 50 कोटींच्या वर तिकिटं खपत, दहा वर्षांनी जेमतेम 12 कोटी. गल्लीतल्या कितीतरी थिएटरांनी तग धरायला पॉर्नपट लावले.

1987 च्या निवडणुकीत रॅडिकल पार्टीने चिच्चोलिनाला उमेदवार यादीत घेतलं. तिथे पक्षाला मत देऊन वर आवडत्या उमेदवाराला पसंती देता येई. सुमारे 20 हजार जणांनी ही पसंती तिला दिली आणि ती खासदार झाली. घटस्फोट-गर्भपाताच्या हक्कांसाठी लढलेला हा पक्ष, त्यामुळे याला नुसता चावटपणा म्हणणं मला पटत नाही. प्रस्थापितांवरचा रागही त्यात होता.

मला जास्त खटकतं ते त्याच वर्षी सुरू झालेलं 'कोल्पो ग्रोस्सो'. उंबेर्तो स्माइलाचा टीव्हीवरचा रात्रीचा गेम शो, त्यात स्पर्धक कपडे उतरवून खेळायला पैसे मिळवत. नाचणाऱ्या मुलींना एकेक फळ नेमून दिलेलं; प्रेक्षक त्यांना ओळखत ते फळावरून, नावाने क्वचितच. चिच्चोलिना निदान स्वतःच्या तोंडाने बोलत होती. दुसरी पॉर्न अभिनेत्री मोआना पोत्सीही तशीच. टीव्हीवर मुलाखतीला आली की शांतपणे, मुद्देसूद बोलायची, म्हणून पॉर्न न पाहणाऱ्या घरांतही ती माहीत होती. 1994 मध्ये अवघ्या 33 व्या वर्षी यकृताच्या कर्करोगाने ती गेली.