त्याचाही बाप गवंडीच होता

प्रश्न : मी गवंडीकाम करतो, येरवड्याला राहतो. मुलगा पंधरा वर्षांचा, यंदा दहावीला आहे. रविवारी गोल्फ कोर्सवर कॅडी म्हणून, म्हणजे खेळणाऱ्यांच्या काठ्यांची पिशवी वाहायला जातो. सोमवारी तिथे कॅडींना खेळू देतात, तेव्हा खेळतो. तिथले प्रो, म्हणजे गोल्फवर पोट भरणारे आणि शिकवणारे व्यावसायिक खेळाडू, म्हणतात की हात चांगला आहे. आता म्हणतो, शाळा सोडतो आणि प्रो होतो. बर्नहार्ड लांगर नावाचा जर्मन खेळाडू पंधराव्या वर्षीच प्रो झाला, आणि त्याचाही बाप गवंडीच होता, असं मला ऐकवतो. काय करू?
– एक पालक, पुणे

नमस्कार,

मुलगा खोटं सांगत नाहीये. लांगर 1957 साली बव्हेरियात, आउग्सबुर्गजवळच्या आनहाउझेन गावात जन्मला. वडील गवंडी. हा आठ-नऊ वर्षांचा असताना आउग्सबुर्गच्या क्लबवर कॅडी म्हणून जाऊ लागला. 1972 मध्ये प्रो झाला. पुढे 1985 आणि 1993 अशी दोनदा मास्टर्स ही गोल्फमधली मोठी स्पर्धा जिंकली, आणि 1986 मध्ये जागतिक क्रमवारी पहिल्यांदा जाहीर झाली तेव्हा पहिलं नाव त्याचं होतं.

पण पंधराव्या वर्षी त्याने नेमकं काय केलं, ते मुलाला नीट सांगायला हवं. जर्मनीत तेव्हा त्या वयात शाळा संपवून एखादा धंदा हाताखाली शिकायला जाणं ही सरळ वाट होती. सुतार, बेकरीवाला, मेकॅनिक, सगळे असेच तयार व्हायचे. लांगरने व्यवसाय मार्गदर्शन करणाऱ्यांना सांगितलं की मला गोल्फ प्रो व्हायचंय. त्यांनी कागद चाळले, तर असा व्यवसायच त्यात सापडेना. दुसरं काहीतरी बघ, असा सल्ला मिळाला. समोर बसलेल्या मुलाला 'असं काही नसतं' म्हणण्याआधी मला दरवेळी ही गोष्ट आठवते. म्हणून तुमच्या मुलाला मी ते म्हणणार नाही.

तरी लांगर गेला, पण कुठे? म्युनिकच्या क्लबवर, तिथल्या प्रोच्या हाताखाली. तिथे काम होतं ते इतरांना शिकवायचं, दुकान सांभाळायचं, आणि उरलेल्या वेळात स्वतःचा सराव करायचा. म्हणजे शाळा सोडून तो नुसता खेळत सुटला नव्हता. उद्या स्पर्धेत काहीच जमलं नाही तरी गोल्फ शिकवून पोट भरेल, असं कसब तो आधी हातात घेत होता. युरोपियन टूरवरचं, म्हणजे युरोपातल्या व्यावसायिक स्पर्धांच्या मालिकेतलं, पहिलं विजेतेपद त्याला 1980 मध्ये मिळालं. मोजा, आठ वर्षं झाली.

या आठ वर्षांत घर कसं चालणार, हा तुमचा खरा प्रश्न आहे. टूरवर पहिल्या दोन दिवसांनंतर कट लागतो. जो त्यात राहिला नाही, तो साधारणपणे बक्षिसाविना घरी जातो. प्रवेश फी, प्रवास, राहणं मात्र खिशातून गेलेलं असतं. रोजंदारीवरच्या घराने हे हिशेबात धरूनच पाऊल टाकावं.

आणि एक गोष्ट, जी मुलाने बहुधा पाहिली नसेल. लांगरला पट, म्हणजे चेंडू होलमध्ये घालायचा हलका फटका, मारताना हाताला झटका यायचा. गोल्फमध्ये त्याला 'यिप्स' म्हणतात. चेंडू होलपासून दोन-तीन फुटांवर, आणि मनगट ऐनवेळी आपलं ऐकत नाही. भल्याभल्यांनी यापायी खेळ सोडला. त्याला हे एकदा नव्हे, अनेकदा झालं. त्याने पकडच बदलली. डावा हात पटरच्या, म्हणजे पट मारायच्या काठीच्या, दांड्यावर खूप खाली, आणि उजव्या हाताने दांडा डाव्या कोपराखालच्या हाताला घट्ट आवळून धरायचा. दिसायला विचित्रच. पण मनगट हलायला जागाच उरत नाही. 1991 च्या रायडर कपमध्ये, म्हणजे युरोप विरुद्ध अमेरिका या सांघिक लढतीत, शेवटच्या होलवर सहा फुटांचा पट चुकला आणि कप अमेरिकेला गेला. पुढच्याच आठवड्यात त्याने जर्मन मास्टर्स जिंकली. नोव्हेंबर 2024 मध्ये, 67 व्या वर्षी, त्याच वर्षी फाटलेल्या टाचेच्या स्नायुबंधावर शस्त्रक्रिया झालेली असताना, ज्येष्ठांच्या टूरवरचं सत्तेचाळिसावं विजेतेपद घेतलं. मुलाला उदाहरण घ्यायचंच असेल तर ही चिकाटी घेऊ दे.

जवळचं उदाहरण हवं असेल तर दिल्लीचा अली शेर आहे. कॅडी म्हणून सुरुवात केलेल्या या माणसाने 1991 मध्ये इंडियन ओपन जिंकली. ती जिंकणारा तो पहिला भारतीय प्रो.

आता माझं स्पष्ट मत. दहावी द्यायचीच, यात तडजोड नको. पुढे कॉलेजची हजेरी जड जात असेल तर बारावी मुक्त विद्यालयातून करता येते, सकाळ कोर्ससाठी मोकळी राहते. ज्या प्रोंनी 'हात चांगला आहे' म्हटलं, त्यांना तुम्ही स्वतः जाऊन भेटा. कामाचे कपडे अंगावर असले तरी बिचकू नका. दोनच गोष्टी विचारा : याला मदतनीस म्हणून हाताखाली घ्याल का, आणि गोल्फ प्रशिक्षकाचा अभ्यासक्रम करायला याला काय लागेल?

मुलाला एक साधी वही आणून द्या. दर सोमवारी प्रत्येक होलला किती फटके लागले आणि त्यातले पट किती, हे त्याने स्वतः लिहायचं. वाईट दिवससुद्धा लिहायचा. वीस सोमवार भरले की ती वही त्या प्रोंना दाखवा, आणि पानांचे फोटो मलाही पाठवा. फक्त परीक्षेच्या आठवड्यांत कोर्सवर जाणं बंद, एवढं त्याच्याशी आत्ताच ठरवून घ्या.