‘निराधारचा पगार’ : हा प्रयोग चूक आहे का?

कोल्हापुरातील एका पेठेतल्या तालमीच्या कार्यकर्त्याने विचारलेला प्रश्न असा आहे. तालमीचे तरुण परिसरातील वृद्धांचे आणि एकट्या बायकांचे संजय गांधी निराधार अनुदान योजनेचे व श्रावणबाळ योजनेचे अर्ज भरून देतात आणि पैसे बँकेत आले की कोपऱ्यावरच्या फलकावर तशी सूचना लिहितात. या वेळी ‘निराधारचा पगार जमा झाला आहे’ असे लिहिले, तेव्हा एका निवृत्त गुरुजींनी हरकत घेतली. पगार कामाचा असतो, हे तर अनुदान आहे, शिवाय ‘निराधारचा’ हे रूप व्याकरणात बसत नाही, असे त्यांचे म्हणणे आहे. तेव्हा पगार, पेन्शन, अनुदान, निवृत्तिवेतन यांपैकी कोणता शब्द लिहावा?

माझ्या मते फलकावर लिहिलेले वाक्य दोन्ही बाजूंनी बरोबर आहे आणि ते बदलू नये. अर्जावर आणि ठरावात योजनेचे सरकारी नाव जसेच्या तसे लिहावे लागेल, त्यात वाद नाही. परंतु लोकांच्या तोंडी बसलेला ‘पगार’ हा शब्द अज्ञानातून आलेला नसून त्यामागे शब्दाचा आणि या देशातील गरिबांच्या हक्काचा असा दोन्हींचा इतिहास आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो.

‘पगार’ हा शब्द आपल्याकडे पोर्तुगीजांकडून आला. चावी, बटाटा, लिलाव हे शब्द ज्या वाटेने आले तीच याची वाट. पोर्तुगीज भाषेत ‘पगार’ हे क्रियापद आहे आणि त्याचा अर्थ ‘देणे चुकते करणे’ एवढाच आहे. त्याच्या मुळाशी असलेल्या लॅटिन शब्दाचा अर्थ ‘शांत करणे’ असा होतो, म्हणजे ज्याचे देणे आहे त्याला ते देऊन त्याचे समाधान करणे. या मुळात कामाचा, नोकरीचा किंवा महिन्याचा कुठेही उल्लेख नाही. मराठीने त्याचे नाम केले आणि तो चाकरीच्या मोबदल्याला लावला, त्यामुळे आज तो ऐकला की आपल्या डोळ्यांसमोर हजेरीपट येतो. तरीही बोलणाऱ्याला त्या शब्दातून जे सांगायचे असते ते मुळाच्या अर्थापासून फार दूर नाही : ठरलेली रक्कम, ठरलेल्या वेळी, आपल्या नावावर यायलाच हवी अशी. एका बँकेच्या शाखेत प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले पासबुक काढून ‘पगार काढाय आलोय, जमा झालाय काय बघा की’ असे म्हणणारी म्हातारी मी ऐकली आहे. (आमच्या भागात बायकाही ‘आलोय’ म्हणतात.) तिच्या बोलण्यात याचना नव्हती. समोरच्या कारकुनाने ‘आजी, अनुदान म्हणा’ असे सुचवले असते, तर त्याने तिचा शब्द सुधारला नसता, तिची भूमिका बदलली असती.

गुरुजींचा मुख्य आक्षेप असा की काम न करता मिळतो तो पगार कसा. या आक्षेपाला आपल्या भाषेतच एक जुने उत्तर आहे आणि कोल्हापूरकरांना तरी ते परके वाटू नये. कोल्हापूर संस्थान १ मार्च १९४९ रोजी तत्कालीन मुंबई प्रांतात विलीन झाले. विलीन झालेल्या संस्थानिकांना भारत सरकारने वार्षिक रकमा द्यायचे कबूल केले होते आणि त्या रकमांना मराठी वर्तमानपत्रांनी ‘तनखे’ म्हटले. मराठी दफ्तरांत ‘तनखा’ हा जमिनीच्या आकारणीसाठीही येणारा शब्द आहे, पण मुळात तो फारसी ‘तनख्वाह’ आहे आणि हिंदीत आजही तनख्वाह म्हणजे सरळसरळ पगार. पद गेले, कारभार गेला, तरी दरवर्षी मिळणाऱ्या रकमेला पगाराच्या अर्थाचा शब्द लावताना तेव्हा कोणाही व्याकरणकाराने हरकत घेतली नाही. मग रोजगाराला जाऊन पाठ वाकलेल्या बाईच्या बाबतीत ती का घ्यावी?

इथे राज्यघटनेतील दोन अनुच्छेद शेजारी ठेवून वाचण्यासारखे आहेत. अनुच्छेद २९१ नुसार संस्थानिकांचे तनखे भारताच्या संचित निधीवर भारित होते, म्हणजे संसदेच्या मतदानावाचून ते द्यावेच लागत, आणि प्राप्तिकरातून मुक्त होते. अनुच्छेद ४१ मध्ये बेकारी, वार्धक्य, आजारपण आणि विकलांगता अशा प्रसंगी नागरिकाला सार्वजनिक साहाय्य मिळण्याच्या हक्काची तजवीज राज्याने करावी असे म्हटले आहे, परंतु ते ‘आर्थिक क्षमतेच्या मर्यादेत’, आणि तो अनुच्छेद मार्गदर्शक तत्त्वांमध्ये असल्यामुळे न्यायालयातून त्याची अंमलबजावणी मागता येत नाही. नव्या राष्ट्राने जन्मताना एका देण्याला तिजोरीची हमी दिली आणि दुसऱ्याला ऐपतीची अट घातली. तनखे १९७१ च्या अखेरीस सव्विसाव्या घटनादुरुस्तीने रद्द झाले. अनुच्छेद ४१ अजूनही मार्गदर्शक तत्त्वच आहे.

त्या ऐपतीची वाट पाहण्यात किती काळ गेला हेही पाहावे. वृद्धांना दरमहा पैसे देण्याची योजना सर्वप्रथम उत्तर प्रदेशाने १९५७ मध्ये सुरू केली. महाराष्ट्रात संजय गांधी निराधार अनुदान योजना १९८० मध्ये आली. केंद्र सरकारची राष्ट्रीय योजना १५ ऑगस्ट १९९५ रोजी सुरू झाली तेव्हा स्वातंत्र्याला ४८ वर्षे झाली होती आणि तिच्यातील वृद्धाची रक्कम महिना ७५ रुपये होती. २००६ मध्ये ती २०० रुपये झाली आणि ऐंशीच्या आतील वृद्धांसाठी केंद्राचा वाटा पुढे अनेक वर्षे तेवढाच राहिला. महाराष्ट्रात राज्याच्या पैशांची भर घालून ही रक्कम ६०० रुपयांवरून १,००० आणि २०२३ मध्ये १,५०० रुपयांवर आली. हजार-पंधराशेत महिना निघत नाही हे सर्वांना ठाऊक आहे, पण गोळ्या-औषधांसाठी मुलापुढे हात पसरावा लागत नाही, एवढे तरी त्यातून होते.

वृद्धांच्या या रकमेला ‘पगार’ कसा चिकटला याविषयी माझा एक तर्क आहे. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रात लाखो माणसे सरकारी दुष्काळी कामांवर होती. खडी फोडणे, पाझर तलाव, नालाबांध, रस्ते, अशी ती कामे. त्या काळातील सुकडी आणि मिलो ज्वारी आजही वयस्कर माणसांच्या बोलण्यात येते. विसापूरचे वि. स. पागे यांनी मांडलेल्या आणि सांगली जिल्ह्यात आधी करून पाहिलेल्या कल्पनेला या दुष्काळाने राज्यभर वाट मिळाली, पुढे १९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. मागेल त्याला काम देणे ही राज्याची कायदेशीर जबाबदारी आहे असे म्हणणारा तो कायदा होता, आणि देशाने तसाच कायदा करायला २००५ साल उजाडले. या कामांवर मस्टर असे, हजेरी असे आणि आठवड्याला होई तो पगार. सरकारकडून आपल्या हातात येणाऱ्या पैशाचे हेच नाव एका पिढीच्या कानावर पक्के बसले. रोजगार हमीवर खडी फोडणारी बाई म्हातारी झाल्यावर तिला निराधारचे पैसे सुरू झाले, तेव्हा तिने तोच शब्द पुढे नेला असावा. याला लेखी पुरावा दाखवता येणार नाही, परंतु शब्द बहुधा अशाच वाटेने सरकतात.

आता इतर शब्दांकडे वळू. ‘पेन्शन’ मुळात वजन करून दिलेली रक्कम, आणि तिच्यातही निवृत्तीचा अर्थ अटळ नाही. १८१८ मध्ये राज्य गेल्यावर दुसऱ्या बाजीरावाला कंपनी सरकारने वर्षाला आठ लाख रुपये दिले आणि १८५१ मध्ये त्याच्या मृत्यूनंतर ते नानासाहेबांना नाकारले, त्या रकमेलाही पेन्शनच म्हणत. फलकावर ‘पेन्शन’ लिहिले तर कोणी अडखळणार नाही. ‘निवृत्तिवेतन’ हे मात्र पेन्शनचे नोकरीच्या संदर्भात केलेले भाषांतर असून ते इथे जुळत नाही. शेतमजुरी करणारी किंवा चार घरची धुणीभांडी करणारी बाई कोणत्या तारखेला निवृत्त झाली? शासनाने श्रावणबाळ योजनेच्या नावात तो शब्द घातला आहे म्हणून नाव लिहिताना तो लिहावा, इतकेच.

‘अनुदान’ हा शब्द मला या ठिकाणी सर्वांत कमी पटतो. राज्यकारभार मराठीतून करायचे ठरल्यावर, १९६० मध्ये भाषा संचालनालय स्थापन झाले त्या सुमारास आणि त्यानंतर, जी परिभाषा रूढ झाली तिच्यात तो सर्वत्र पसरला. शाळेला अनुदान, ठिबकला अनुदान, गॅसला अनुदान. ‘दान’ हा त्याचा कणा आहे आणि दानात देणाऱ्याची मर्जी असते. त्याच्या जोडीला ‘लाभार्थी’ येतो. विद्यार्थी म्हणजे विद्या इच्छिणारा, शरणार्थी म्हणजे शरण मागणारा, तसा लाभार्थी म्हणजे लाभाची इच्छा धरून आलेला. ज्याला घटनेने साहाय्याचा हक्क सांगितला आहे त्याला आपण मागणारा म्हणतो, आणि हे शब्द इतके सरावाचे झाले आहेत की लिहिणाऱ्याला त्यातले काही जाणवतही नाही. बोलीतला पगार या दोन्ही शब्दांना बाजूला सारतो.

आपली भाषा या बाबतीत पूर्वी दरिद्री होती असे नाही. सदावर्त आणि अन्नछत्र हे धर्माच्या अंगाने येणारे शब्द, वर्षासन हे विद्वानांना व देवस्थानांना मिळणारे, तर बालपरवेशी म्हणजे लढाईत पडलेल्या शिपायाच्या मुलाबाळांना सरकारातून होणारी तरतूद. ‘पोटगी’ आज फक्त कौटुंबिक न्यायालयात ऐकू येतो, पण उदरनिर्वाहासाठी लावून दिलेली कोणतीही रक्कम असा त्याचा मूळचा ऐसपैस अर्थ आहे, आणि तो आकसला याचे मला वाईट वाटते. करवीर संस्थानात १८९६-९७ च्या दुष्काळात राजर्षी शाहू महाराजांनी स्वस्त धान्याची दुकाने, तगाई म्हणजे शेतकऱ्यांना सरकारी कर्ज, दुष्काळी कामे आणि निराधारांसाठी आश्रम असे मार्ग काढले, त्यातली तगाई फेडायची असे आणि दुष्काळी कामाची मजुरी कमावलेली असे. राजाच्या औदार्याखेरीज या व्यवस्थेला दुसरा आधार नव्हता आणि शाहू महाराजांसारखा राजा प्रत्येक संस्थानाला लाभला नाही. प्रजासत्ताकात हे देणे नियमाने लागू होते, म्हणून तर त्याला नियमाचा वास असलेला शब्द हवा.

शेवटी ‘निराधारचा’ या रूपाविषयी. ‘निराधार’ मुळात विशेषण आहे, ‘निराधार आरोप’ यात ते तसेच येते. अर्थशास्त्रात कौटिल्य बाल, वृद्ध, संकटग्रस्त आणि अनाथ यांना राजाने पोसावे असे सांगतो, तिथला ‘अनाथ’ म्हणजे ज्याला कोणी त्राता नाही असा कोणीही. मराठीत ‘अनाथ’ आईबाप नसलेल्या मुलापुरता उरला आणि विधवा, परित्यक्ता, अपंग, दुर्धर आजारी अशा सर्वांना कवेत घेणारी जागा ‘निराधार’ने घेतली. पुढे योजनेचे लांबलचक नाव बोलण्यात आखूड होऊन ‘निराधार’ हेच तिचे नाव झाले : ‘आईची निराधार मंजूर झाली’, ‘निराधारची कमिटी बसली नाही’. व्यक्ती अभिप्रेत असेल तेव्हा सामान्यरूप होऊन ‘निराधाराचा’, ‘निराधाराला’ असेच लिहिले पाहिजे. परंतु विशेषनामाला ‘चा’ लागताना मराठी पुष्कळदा मूळ रूप तसेच ठेवते. आपण ‘कोल्हापुरात’ म्हणतो, पण ‘कोल्हापूरचा गूळ’ म्हणतो, ‘कोल्हापुराचा गूळ’ आता कोणी म्हणत नाही. त्याच न्यायाने ‘निराधारचा पगार’ म्हणजे त्या नावाच्या योजनेचा पगार, आणि ‘निराधाराचा पगार’ म्हणजे त्या एका माणसाचा. तालमीच्या फलकावर योजनेचीच सूचना आहे, त्यामुळे पहिले रूप योग्य. माणसे डोळ्यांसमोर ठेवायची असतील तर ‘निराधारांचा’ हे अनेकवचन लिहावे. आणि अर्जाच्या सोबतच्या पत्रात ‘निवृत्तीवेतन’ लिहिण्याची वेळ आलीच, तर समासात ‘त्ति’ ऱ्हस्व ठेवून ‘निवृत्तिवेतन’ लिहावे. छापील नमुन्यात ते दीर्घ असते, पण त्या एका वेलांटीवरून कोणाचा अर्ज मागे येत नाही. हयातीचा दाखला वेळेत दिला नाही तर मात्र पैसे थांबतात, म्हणून फलकावर पगाराच्या सूचनेखाली त्या दाखल्याची मुदतही लिहीत जा.